वस्तूला हात लावून भूतकाळ सांगणाऱ्या बाई: माझे ७८,००१ रुपये गेले, तुम्ही सावध राहा

आधीच सांगून ठेवतो, केवायसीच्या फोनला भुलणाऱ्यांतला मी नाही. ओटीपी मागणाऱ्याला शिव्या घालून फोन ठेवतो. तरीही ७८,००१ रुपये गेले. ५०१ नोंदणी, ५,५०० 'वाचन', २१,००० 'धागा मोकळा करणे' आणि ५१,००० शिबिराचे, ज्यात म्हणे माझ्याच हातात ती शक्ती जागी होणार होती.

प्रकार तुम्हाला ठाऊक असेलच. वस्तू हातात घ्यायची, डोळे मिटायचे, की त्या वस्तूजवळ जे घडलं ते तळहातात 'उतरतं'. बाई पुण्यातल्या एका चांगल्या सोसायटीत बसतात. ना अंगारा, ना लिंबू-मिरची. भिंतीवर मोठा टीव्ही आणि त्यावर स्लाइड: १८४२ साली अमेरिकेतल्या बुकॅनन नावाच्या डॉक्टरने हे 'शास्त्र' मांडलं. मी तिथेच मोबाइलवर शोधलं. माणूस खरा, साल खरं. इथेच घात झाला. त्याने कल्पना मांडली, पण चोख चाचणीत ती कधी टिकली नाही, हे स्लाइडवर कशाला लिहितील?

मी का गेलो तेही ऐका. २०२१च्या एप्रिलमध्ये बाबा कोविडच्या वॉर्डात वारले. आम्हाला आत सोडलं नाही, तोंडही धड बघू दिलं नाही. नंतर हातात एक पिशवी आली, त्यात मोबाइल आणि कवळी. शेवटच्या रात्री त्यांनी कोणाला हाक मारली का, पाणी मागितलं का, हे ज्याला आजवर कळलेलं नाही त्याला कोणी "मी सांगते" म्हटलं, तर तो पुरावे मागत बसेल का? ज्यांना हसायचं त्यांनी खुशाल हसावं.

त्यांच्या सगळ्या वस्तू आम्ही एका डब्यात ठेवल्या होत्या. त्यातला चष्मा घेऊन गेलो. बाईंनी तो दोन्ही तळव्यांत धरला, काडीवरून अंगठा फिरवला आणि म्हणाल्या, "दादा, छातीत जड वाटतंय. उजव्या हाताला खिडकी आहे. याच चष्म्यातून ते दाराकडे बघताहेत. 'स'वरून कोणाचं तरी नाव घेताहेत." माझ्या बहिणीचं नाव 'स'वरून. मी तिथेच रडलो.

आता वाटतं, कोविडमध्ये गेलेल्या माणसाची छाती जड नसणार तर काय! खिडकी आणि दार कुठल्या वॉर्डाला नसतं? आणि बाहेर चहा देणारी ती मुलगी फॉर्म भरून घेताना "काका, घरी कोण कोण असतं?" हे काय उगाच विचारत होती? अशा ठिकाणी बाहेर बसलेल्या कोणाशीही बोलू नका. चहासुद्धा घेऊ नका.

पण खरी गोष्ट पुढेच आहे. घरी येऊन आईला सगळं सांगितलं. तिने चष्मा हातात घेऊन बघितला आणि म्हणाली, "अरे, हा तर नवा. फुटेल म्हणून हा त्यांनी घरीच ठेवला. दवाखान्यात जुना नेला होता, तो परत आलाच नाही." म्हणजे ज्या चष्म्यातून बाबा दाराकडे बघत होते, त्याने दवाखान्याचं दारही पाहिलेलं नव्हतं! एवढं कानांनी ऐकून मी काय केलं? बाईंनाच फोन केला. त्या क्षणभरही अडखळल्या नाहीत. "वस्तू लांब असली तरी धागा असतो, दादा. तुमचा धागा गुंतलाय." आणि २१,००० गेले. आई दोन दिवस माझ्याशी बोलली नाही.

शिबिरात 'तुमची स्पर्शप्रकृती' म्हणून एकेक छापील कागद दिला. वाचून वाटलं, अगदी मीच. जेवणाच्या सुट्टीत शेजारच्या बाईंचा कागद दिसला. शब्दन् शब्द तोच. फोरर नावाच्या मानसशास्त्रज्ञाने १९४८ मध्ये आपल्या विद्यार्थ्यांवर हाच प्रयोग केला होता. सगळ्यांना एकच वर्णन दिलं आणि अचूकतेला त्यांनी ५ पैकी सरासरी ४.२६ गुण दिले. तेव्हा मी एकटाच नाही.

आता आपली यंत्रणा. चौकीत म्हणाले सायबरला जा. १९३० या सायबर हेल्पलाइनला फोन लावला, तर "पैसे तुम्हीच पाठवलेत ना?" बँक म्हणते व्यवहार तुमच्याच पिनने झालाय. परत चौकीत गेलो. पावती बघून हवालदारसाहेब हसले, कारण तिच्यावर छापलंय 'स्वेच्छा देणगी'. यूपीआयच्या शेऱ्यात मी 'गुरुदक्षिणा' लिहिलं होतं, कारण तसं लिहायला सांगितलं होतं. (शेऱ्यात काय लिहायचं हे पैसे घेणारा सांगू लागला, तर तिथूनच उठा.) मी २०१३च्या जादूटोणाविरोधी कायद्याचं नाव काढलं, तर उत्तर मिळालं, "काका, तो नरबळीचा कायदा आहे." अहो, त्याच्या अनुसूचीत तथाकथित चमत्कार दाखवून पैसे कमावणं आणि लोकांना फसवणं स्पष्ट लिहिलंय! शिक्षा सहा महिने ते सात वर्षं, दंड ५,००० ते ५०,००० रुपये. गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र. पोलीस निरीक्षक किंवा वरच्या दर्जाचा दक्षता अधिकारी नेमायची तरतूदही त्यातच आहे. तो कोण, हे मी विचारलं. तिघांनी एकमेकांकडे बघितलं आणि मला म्हणाले, "अर्ज ठेवून जा." ज्यांचा कायदा त्यांनाच तो फिर्यादीने वाचून दाखवायचा, आणि वर ऐकायचं काय, तर "एवढे शिकलेले तुम्ही, गेलात कशाला?" चोरी झाली तर घर का घेतलंत असं विचारतात का?

अर्ज अजून 'चौकशीवर' आहे. बाईंचं नवं शिबिर मात्र लागलंय, फी ५५,०००.

ज्यांच्याकडे अशाच पावत्या असतील त्यांनी त्या फेकू नयेत आणि चॅट पुसू नयेत. घरच्यांना वस्तू दाखवून मगच कुठे न्यायची ते ठरवा, आणि बाईंना एखादी भलतीच वस्तू देऊन बघाच. चौकी गुन्हा नोंदवत नसेल, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) खाली वरिष्ठांना लेखी कळवता येतं, त्यानंतर दंडाधिकाऱ्यांकडे जाता येतं. मी तो अर्ज टाइप करून ठेवलाय, कलम आणि अनुसूची दोन्ही घालून. सोमवारी रजिस्टर पोस्टाने पाठवतोय. एक प्रत चौकीतही देणार, आणि पोच घेतल्याशिवाय उठणार नाही.