कॉलेज फुटबॉल रेडिओवर: मिडीयम वेव्ह, अ‍ॅप की सॅटेलाइट?

ऑगस्ट संपत आला की आमच्या आयोवातल्या मराठी घरांमधून एक प्रश्न हमखास येतो. मुलगा नाहीतर मुलगी आयोवा सिटी किंवा एम्स या गावी विद्यापीठात शिकायला गेलेली असते. शनिवारी विद्यापीठाचा अमेरिकन फुटबॉलचा सामना असतो आणि आईवडील नेमके गाडीत, दुकानात नाहीतर ड्यूटीवर असतात. टीव्हीसमोर साडेतीन तास बसायला सवड नसते. मग फोन येतो, "रेडिओवर लागतं का हो? आणि कशावर ऐकायचं?"

लागतं, आणि उत्तम लागतं. ८ ऑक्टोबर १९२१ला पिट्सबर्गच्या केडीकेए स्टेशनने पिट्सबर्ग विरुद्ध वेस्ट व्हर्जिनिया हा सामना हवेतून घराघरांत पोचवला. म्हणजे या खेळाचं आणि रेडिओचं नातं शंभर वर्षांहून जुनं आहे. रोनाल्ड रेगन यांच्या रेडिओवरच्या कामाची सुरुवातही १९३२ साली आयोवाच्याच फुटबॉल सामन्यांचं वर्णन करण्यापासून झाली.

साधनांची तुलना पुढे करतोच. पण माझ्या मते पहिला निर्णय साधनाचा नाही, आवाजाचा आहे. कुणाच्या तोंडून सामना ऐकायचा ते आधी ठरवा.

मोठ्या विद्यापीठांची स्वतःची रेडिओ नेटवर्क असतात. एक मुख्य स्टेशन, गावोगावची छोटी जोडस्टेशनं आणि वर्षानुवर्षं संघाबरोबर फिरणारे समालोचक. आयोवा विद्यापीठाचं वर्णन १९९६ साली गॅरी डॉल्फिन यांनी हाती घेतलं, आणि त्यांच्या आवाजावर इथली एक पिढी मोठी झाली. असे लोक उघडपणे आपल्या संघाचे असतात. राखीव खेळाडू मैदानात उतरला तरी तो कुठल्या गावचा, हायस्कूलला कुठल्या जागी खेळायचा, गेल्या वर्षी त्याचा गुडघा कधी दुखावला, हे सगळं त्यांना तोंडपाठ असतं. याउलट वेस्टवुड वन किंवा ईएसपीएन रेडिओचं राष्ट्रीय प्रसारण दोन्ही संघांना सारखं मोजतं आणि नवख्यालाही समजेल असं बोलतं. आर्मी विरुद्ध नेव्ही, म्हणजे लष्कर आणि नौदलाच्या अकादमींमधला, असा सामना किंवा डिसेंबर-जानेवारीतला अजिंक्यपदाचा प्लेऑफ त्यांच्याकडे ऐकावा. तुमचं मूल शिकतं त्या विद्यापीठाचा सामना मात्र विद्यापीठाच्याच नेटवर्कवर ऐका. टीव्हीवर जो फक्त नंबर असतो, तो इथे नावागावासकट कळतो.

एम्सच्या आयोवा स्टेट विद्यापीठाचं नेटवर्क वेगळं आहे. सप्टेंबरमध्ये हे दोन संघ समोरासमोर येतात तेव्हा एकच पास एका स्टेशनवर आनंदाचा चीत्कार असतो आणि दुसऱ्यावर सुस्कारा. ज्या घरातली दोन मुलं दोन विद्यापीठांत आहेत त्यांनी अर्धा अर्धा वेळ दोन्हीकडे ऐकून पाहावं.

खेळ कळत नाही म्हणून रेडिओ नको, असं म्हणणाऱ्यांना एक युक्ती सांगतो. समालोचक सुरुवातीलाच सांगतो की आपला संघ "रेडिओच्या डायलवर डावीकडून उजवीकडे" चालला आहे. एका कागदावर आडवा आयत काढा. तेच शंभर यार्डांचं मैदान. मधोमध ५०ची रेघ मारा, दोन्ही बाजूंना दहा-दहा यार्ड कमी होत जाणाऱ्या रेघा मारा आणि वर एक रुपयाचं नाणं ठेवा. "थर्ड अँड सेव्हन, स्वतःच्या ३८वर" असं ऐकू आलं की नाणं त्या संघाच्या अर्ध्या बाजूतल्या ३८वर ठेवायचं. चार प्रयत्नांत दहा यार्ड जायचं असतं, हा तिसरा प्रयत्न आहे आणि अजून सात यार्ड बाकी आहेत, एवढाच त्याचा अर्थ. साधारणपणे एक खेळी संपली की पुढची सुरू करायला ४० सेकंद असतात. तेवढ्यात दुसरा समालोचक, बहुतेक वेळा माजी खेळाडू, आत्ता काय घडलं ते उलगडून सांगतो. माझ्या सासूबाई एका सुट्टीत इथे आल्या होत्या. त्यांनी दोन शनिवार असंच नाणं सरकवलं, आणि तिसऱ्या शनिवारी त्याच मला सांगायला लागल्या की आता लाथ मारून चेंडू पलीकडे देतील. आकाशवाणीवर बाळ ज. पंडितांचं क्रिकेटचं मराठी समालोचन ऐकलेला तो कान होता. शब्दांवरून मैदान उभं करायची सवय त्यांना आधीपासूनच होती.

आता साधनं.

हवेतून येणारा साधा रेडिओ ही माझी पहिली पसंती. त्यातही इथे ज्याला एएम म्हणतात तो, म्हणजे आपला मिडीयम वेव्ह. डे मॉइनचं डब्ल्यूएचओ, १०४० किलोहर्ट्झ, ताकद ५०,००० वॅट. आयोवाचे सामने वर्षानुवर्षं याच्यावर येत आले आहेत. या पट्ट्यातल्या लहरी दिवसा जमिनीला धरून चालतात. आयोवाची जमीन काळी, ओल धरणारी असल्याने त्या इथे फार लांबवर जातात. सूर्य मावळला की वातावरणाचा जो खालचा थर दिवसा या लहरी शोषून घेतो तो विरतो, मग त्या वरच्या थरावर आपटून शेकडो मैलांवर उतरतात.

एकदा डेन्व्हरहून रात्री परत येताना हे मी स्वतः अनुभवलं. नेब्रास्कात नॉर्थ प्लॅटच्या आसपास १०४० लावलं आणि चारशे मैलांवरचं स्टेशन शेजारच्या गावातलं असल्यासारखं ऐकू आलं. गंमत पुढे झाली. लिंकनच्या अलीकडे, म्हणजे स्टेशन जवळ येत असताना, आवाज फुगायला आणि बुडायला लागला. जमिनीवरून येणारी लहर आणि आकाशातून उतरणारी लहर तिथे एकमेकींत मिसळतात, म्हणून असं होतं. रेडिओ बिघडला असं समजू नका. तासाभरात आवाज ठीक होतो.

सगळ्या स्टेशनांना मात्र ही ताकद नसते. अनेक छोट्या एएम स्टेशनांना सूर्यास्तानंतर ताकद कमी करावी लागते, कारण रात्री त्यांच्या लहरी लांबच्या स्टेशनांवर जाऊन आदळतात. नोव्हेंबरमध्ये घड्याळं मागे गेली की डे मॉइनला पाचच्या सुमारास सूर्य मावळतो. अडीचला सुरू झालेल्या सामन्याचा शेवटचा, सगळ्यात महत्त्वाचा भाग अशा वेळी खरखरीत बुडू शकतो. म्हणून दुपारच्या सामन्याला जवळचं छोटं स्टेशन लावलं असेल तर मोठ्या स्टेशनचा आकडाही लिहून ठेवा. घरात खरखर फार येत असेल तर फोनचा चार्जर आणि एलईडी दिवे बंद करून पाहा, रेडिओ खिडकीशी न्या आणि उभ्याउभ्या हळूहळू फिरवा. आतली अँटेना आडव्या कांडीची असते, रेडिओची दिशा बदलली की आवाज उघडतो.

एफएमबद्दल फार सांगण्यासारखं नाही. आवाज स्वच्छ, पण पल्ला साधारण साठ ते शंभर किलोमीटर. शहरात राहत असाल तर तेच लावा. लांबच्या प्रवासात दर तासाला नवं स्टेशन शोधावं लागतं, त्यासाठी विद्यापीठाच्या क्रीडा विभागाच्या संकेतस्थळावर जोडस्टेशनांची यादी असते.

साध्या रेडिओचा मोठा गुण म्हणजे उशीर जवळजवळ नसतो, पैसे लागत नाहीत आणि कुठे लॉगिन करावं लागत नाही. वीस-तीस डॉलरचा सेल घातलेला रेडिओ वादळात वीज गेल्यावरही कामी येतो, आणि टॉर्नेडोच्या मुलखात ही गोष्ट छोटी नाही. एक अडचण सांगून ठेवतो. विजेवर चालणाऱ्या अनेक गाड्यांमध्ये आता एएम रेडिओच नसतो, कारण मोटरमुळे त्या पट्ट्यात गोंगाट होतो. फोर्डनेही नव्या गाड्यांतून तो काढायचं ठरवलं होतं, पण २०२३ मध्ये निर्णय मागे घेतला. गाडी घेताना हे जरूर विचारा.

फोनवरचं अ‍ॅप आज बहुतेकांना सोयीचं पडेल. लिअरफील्ड कंपनीचं व्हर्सिटी नेटवर्क हे अ‍ॅप फुकट आहे. आयोवा, आयोवा स्टेट आणि कंपनीशी करार असलेल्या इतर पुष्कळ विद्यापीठांचं स्वतःचं समालोचन त्यावर मिळतं. म्हणजे आवाज हवा तो मिळाला, आणि तुम्ही टेक्सासात असा की न्यू जर्सीत, काही फरक पडत नाही. सगळी विद्यापीठं मात्र त्यावर नाहीत. आपलं आहे का ते आधी पाहा, नसेल तर विद्यापीठाचं स्वतःचं अ‍ॅप शोधा.

ट्यूनइनसारख्या अ‍ॅपवर किंवा स्टेशनच्या संकेतस्थळावर थेट स्टेशन लावलं तर एक फसगत होऊ शकते. हवेतून सामना चालू असतो आणि इंटरनेटवर त्याच स्टेशनवर दुसराच कार्यक्रम लागतो. सामना हवेतून ऐकवायचे हक्क आणि इंटरनेटवरचे हक्क वेगवेगळे विकले जातात, म्हणून असं होतं. सामना सुरू व्हायच्या अर्धा तास आधीच लावून खात्री करून घ्या.

डेटाची फार काळजी नको. आवाजाचा दर्जा ६४ केबीपीएस असेल तर तासाला तीसेक एमबी लागतात, १२८ला साठाच्या आत. अख्खा सामना १०० ते २०० एमबीत होतो.

उशीर हा अ‍ॅपचा खरा दोष. अर्धा मिनिट ते मिनिटभर, कधी जास्तही. मी एका शनिवारी अंगणात पानं गोळा करत अ‍ॅपवर ऐकत होतो. शेवटची दोन मिनिटं, चौथा प्रयत्न, कानात समालोचक अजून खेळाडूंची मांडणी सांगत होता. तेवढ्यात शेजारच्या गॅरेजमधून आरोळी आली. तिथे जुना ट्रान्झिस्टर चालू होता. चाळीस सेकंदांनी माझ्या कानात तोच टचडाउन झाला, म्हणजे चेंडू शेवटच्या रेघेपलीकडे गेला, पण तोवर त्यातली जान गेली होती. तेव्हापासून सामना अटीतटीचा झाला की मी अ‍ॅप बंद करून रेडिओ लावतो.

एका बाबतीत मात्र हाच उशीर उपयोगी पडतो. बरेच जण टीव्हीचा आवाज बंद करून चित्रावर आपल्या समालोचकाचा आवाज लावतात. मीही लावतो. साधा रेडिओ टीव्हीच्या पुढे धावतो, आणि त्याला मागे खेचता येत नाही. अ‍ॅप टीव्हीच्या मागे असलं तर टीव्ही क्षणभर थांबवायचा. समालोचकाने "स्नॅप", म्हणजे खेळी सुरू झाली, असं म्हटलं की चित्रात चेंडू हलला पाहिजे. दोन-तीन वेळा थांबवून-सोडून जुळतं.

सॅटेलाइट रेडिओ, म्हणजे सिरियसएक्सएम, दरमहा पैसे देऊन घ्यावा लागतो. ट्रक चालवणारे, चार राज्यांत विक्रीसाठी फिरणारे, किंवा ज्यांना एकाच शनिवारी पाच संघांचे सामने ऐकायचे आहेत त्यांनी तो जरूर घ्यावा. स्टेशन बदलत बसावं लागत नाही, आणि पुष्कळदा एकाच सामन्याची दोन्ही संघांची समालोचनं मिळतात. उघड्या आकाशाखाली आवाज पक्का असतो, पार्किंगच्या इमारतीत किंवा बोगद्यात तुटतो. फक्त एका संघासाठी मी त्यावर पैसे खर्च करणार नाही. जे हवं ते फुकट मिळत असताना गरज नाही.

प्रत्यक्ष स्टेडियममध्ये ऐकायचं असेल तर अ‍ॅप विसरा. आयोवा सिटीच्या किनिक स्टेडियममध्ये ६९,२५० माणसं बसतात. एवढे फोन एकत्र आल्यावर नेटवर्क अडकतं, आणि उशिरा येणारं वर्णन डोळ्यांसमोरच्या खेळाशी जुळतही नाही. खिशातला छोटा रेडिओ आणि एका कानात इअरफोन हवा. जाण्याआधी तो सामन्याच्या स्टेशनवर जुळवून पाहा. डिजिटल प्रसारणासाठी काही स्टेशनं साधा आवाजही काही सेकंद मागे ठेवतात, तसं असेल तर दुसरं स्टेशन निवडा. आणि पहिला क्वार्टर, म्हणजे सामन्याचा पहिला पाव भाग, संपला की इअरफोन काढा. २०१७ पासून त्या वेळी सगळं स्टेडियम उभं राहून शेजारच्या मुलांच्या हॉस्पिटलच्या वरच्या मजल्याकडे हात हलवतं. काचेमागून आजारी मुलं हात हलवत असतात. ते कुठल्याही समालोचनाशिवाय पाहायचं.

मुलगी मार्चिंग बँडमध्ये वाजवते म्हणून ऐकणार असाल तर आधीच सांगतो, मध्यंतरात रेडिओवर बहुधा जाहिराती, मुलाखती आणि इतर सामन्यांचे गुण असतात. बँड मागे कुठेतरी पुसट ऐकू येतो. त्यासाठी तिकीटच काढा.

भारतातून ऐकणाऱ्यांसाठी अ‍ॅप हाच मार्ग, मात्र ते तिथे चालतं का हे आदल्या दिवशी लावून पाहा. आमच्याकडचा सकाळी अकराचा सामना तुमच्याकडे शनिवारी रात्री साडेनऊला लागतो, अडीचचा मध्यरात्रीनंतर एकला, आणि संध्याकाळी साडेसहाचा रविवारी पहाटे पाचला. नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारनंतर या सगळ्या वेळांत एक तास मिळवा. माझा धाकटा भाऊ इथे शिकून पुण्याला परतला. तो पाचचाच सामना धरतो. गॅसवर चहा ठेवतो, फोन ओट्यावर पातेल्यात उभा करतो म्हणजे आवाज मोठा येतो, आणि पहिला क्वार्टर संपेपर्यंत मला मेसेज येतो, "आज डावीकडून उजवीकडे कोण?"