याओवारातची संध्याकाळ: गाइडसोबत की आपलं आपण?

भाची बँकॉकला निघालीय आणि अडलीय ती याओवारातवर. तिथल्या चायनाटाउनमध्ये संध्याकाळी गाइडसोबत खात फिरावं, की एकटीनं?

खर्चात एकटं फिरणं सरळ स्वस्त. गाड्यावरची प्लेट साधारण 60 ते 150 बाथ. टूरचे माणशी हजाराच्या पुढे सहज जातात. पोचायलाही अडचण नाही, 2019पासून वाट मंगकोन मेट्रो स्टेशन जवळच आहे.

खरा फरक पडतो तो समोर काय आलंय हे कळण्यात. मिरीच्या झणझणीत रश्श्यातल्या कुआय चाप या तांदळाच्या नूडल्समध्ये डुकराचं मांस आणि आतडी असतात. कालवांचं ऑम्लेट ओळखू येतं, पण साध्या परतलेल्या भाजीतही बहुधा फिश सॉस असतो. शाकाहाऱ्यांनी पिवळ्यावर लाल अक्षरांतली ‘जे’ची, म्हणजे शाकाहारी जेवणाची, पाटी शोधावी. चांगला गाइड हे सगळं विक्रेत्याला थाई भाषेत विचारून घेतो, आणि माझ्या मते टूरचे पैसे या विचारण्याचेच असतात. मात्र गाइडसोबत आवडत्या गाड्यापाशी रेंगाळता येत नाही.

सोमवारी बरेच गाडे बंद, तो वार टाळावाच.

शाकाहारी, अ‍ॅलर्जी असलेले किंवा एकच संध्याकाळ हाताशी असलेले यांनी गाइड घ्यावा. सगळं खाणाऱ्यांनी, मुक्काम मोठा असेल तर, खुशाल स्वतः फिरावं.