‘ड्वार्फ फ्रॉग’ म्हणून विकला जाणारा पांढरा बेडूक: म्हापशातल्या एका सेटचे परीक्षण

म्हापशाच्या एका मत्स्यालयाच्या दुकानात ‘ड्वार्फ फ्रॉग सेट’ मिळतो. त्यात 12 × 8 × 8 इंचांची काचेची टाकी, आत लावायचा छोटा मोटर फिल्टर, रंगीत खडी, एलईडी दिवा, माशांच्या दाण्यांची डबी, अँटी-क्लोरीनची बाटली आणि दोन पांढरे बेडूक असतात. बेडूक तब्येतीने चांगले आहेत. अँटी-क्लोरीनची बाटलीही कामाची आहे. बाकीचे सामान दुकानातच ठेवून आलात तरी चालेल.

मुळात हा ड्वार्फ नव्हे. काँगोच्या खोऱ्यातला खरा ड्वार्फ, म्हणजे हायमेनोकायरस, जेमतेम दीड इंचाचा होतो. सेटमधला बेडूक झेनोपस लेव्हिस आहे, दक्षिण आफ्रिकेकडचा नखवाला बेडूक. पिल्लू असताना दोघे सारखे दिसतात, पण पुढचे पाय बघितले की शंका उरत नाही. ड्वार्फच्या पुढच्या बोटांमध्ये पडदा असतो, झेनोपसची चारही बोटे सुटी. ड्वार्फचे डोळे डोक्याच्या बाजूंना असतात, झेनोपसचे वर, आकाशाकडे लागलेले. आणि बाजारात पांढरा किंवा सोनेरी दिसला तर तो जवळजवळ नक्कीच झेनोपस. दुकानदाराला आकाराबद्दल विचारले तर उत्तर येते, “इतलेच उरतात, बाब,” म्हणजे एवढेच राहतात. राहत नाहीत. मादी 10 ते 12 सेंटीमीटरची होते, नर त्याहून बराच लहान राहतो, आणि नीट सांभाळला तर हा प्राणी 15 वर्षे सहज जगतो. तिसरीतल्या मुलासाठी घेतलेला बेडूक मुलगा कॉलेजात गेला तरी टाकीत असणार, याची तयारी हवी.

त्यामुळे 12 इंची टाकी बाद. त्यात काठोकाठ भरले तरी 12 लिटर पाणी मावते. जोडीला साधारण 100 लिटर हवे: अडीच फूट लांब, दीड फूट रुंद, पाण्याची खोली एक फूट. उंच टाकी घेऊ नये. हा बेडूक आयुष्यभर पाण्यात राहतो, पण श्वास फुप्फुसांनी घेतो आणि त्यासाठी सतत वर येतो. त्यामुळे पावसाळ्यात वीज गेली की मासे तडफडतात तसा हा तडफडत नाही, हा त्याचा मोठा फायदा. झाकण मात्र घट्ट आणि जाळीचे हवे. पाऊस पडला की एका तळ्यातून दुसऱ्या तळ्यात जमिनीवरून जाणारी ही जात आहे. फटीतून निघाला तर सकाळी सोफ्याखाली वाळलेला सापडतो.

खडी सर्वात धोक्याची. झेनोपसला जीभ नसते. गांडूळ टाकून पाहा: तो आधी जागेवर थबकतो, मग दोन्ही हात पुढे पसरून बोटांनी चाचपतो आणि सापडेल ते तोंडात कोंबतो. त्याच वेळी घसा फुगवून पाणी आत ओढतो. घास मोठा असेल तर मागचा पाय वर आणून त्याच्या आतल्या तीन बोटांवरच्या काळ्या नखांनी तो फाडतो. या गडबडीत 3-4 मिलिमीटरची खडी घासाबरोबर पोटात जाते, आतडे तुंबते आणि काही दिवसांत बेडूक फुगून मरतो. तळ मोकळा ठेवा, किंवा गिळता येणार नाहीत असे मोठे गुळगुळीत गोटे घाला. लपायला कडा घासलेले मडक्याचे खापर पुरते.

फिल्टरबद्दल थोडे सविस्तर सांगायला हवे, कारण इथे बहुतेकांना काही चुकते आहे असे वाटतच नाही. बेडकाच्या कुशीवर नीट पाहिले तर गोधडीचे टाके घातल्यासारख्या बारीक रेघा दिसतात. माशांना असते तेच हे पाण्याची हालचाल टिपणारे इंद्रिय. बहुतेक बेडकांमध्ये शेपूट गळताना ते नाहीसे होते, झेनोपसमध्ये मोठेपणीही टिकते. गढूळ पाण्यात किडा कुठे वळवळतो आहे हे त्याला डोळ्यांपेक्षा याच टाक्यांनी आधी कळते, आणि पांढऱ्या वाणाची नजर तर उजेडात आणखीच अधू असते. अशा प्राण्याच्या 12 इंची घरात जोराची धार मारणारा मोटर फिल्टर लावला की तो कोपऱ्यात अंग चोरून बसतो, खाणे सोडतो. एअर पंपावर चालणारा स्पंज फिल्टर घ्या आणि हवा कमी ठेवा. एलईडी दिवा लावूच नका.

आता पाणी. नळाचे पाणी वापरणार असाल तर क्लोरीन घालवणे आलेच. बेडकाची कातडी सगळे आत शोषते. उघड्या बादलीत पाणी 24 तास ठेवले तर क्लोरीन उडून जातो, क्लोरामाईन (क्लोरीन आणि अमोनियाचे टिकाऊ संयुग) असेल तर उडत नाही, म्हणून सेटमधली बाटली कामाची. विहिरीचे पाणी चांगलेच असणार, असे गोव्यात अनेकजण धरून चालतात. जांभ्या दगडातल्या विहिरींचे पाणी बहुधा मऊ आणि आम्लाकडे झुकलेले असते, तर झेनोपसला थोडे जड पाणी मानवते. स्वस्त उपाय घरातच आहे: तिसऱ्यांच्या शिंपल्या उकळून, मांसाचा अंश खरवडून, मूठभर एका जाळीच्या पिशवीत स्पंज फिल्टरजवळ ठेवा. आम्ल पाण्यात त्या हळूहळू विरघळतात आणि पीएच सावरतो. दर आठवड्याला चौथा हिस्सा पाणी बदला. हा प्राणी घाण भरपूर करतो, आणि बदल चुकला की आधी अमोनिया चढतो, मग मांड्यांच्या आतल्या बाजूला लाली येते. ती दिसली की माशांची औषधे हाताशी आहेत म्हणून ओतू नका, तांबे असलेली तर मुळीच नकोत. जनावरांच्या डॉक्टरांना दाखवा.

सगळ्यात मोठी अडचण दुकानात कुणी सांगत नाही: उष्णता. याला 18 ते 22 अंश पाणी हवे. थोडे वर चालते, पण 28 च्या पुढे तो त्रासात असतो. एप्रिल-मेमध्ये किनाऱ्याकडच्या घरात पाणी रात्रीसुद्धा त्याखाली जाईलच असे नाही. आफ्रिकेतला आहे म्हणजे ऊन सोसेल, हा युक्तिवाद अर्धवट आहे. तळे आटले की झेनोपस चिखलात शिरून निपचित पडतो, महिनोन्‌महिने खात नाही, अमोनिया सोडण्याऐवजी अंगात युरिया साठवतो आणि पावसाची वाट पाहतो. ती तग धरायची युक्ती झाली. भरल्या टाकीतल्या, रोज खाणाऱ्या बेडकाला ती लागू पडत नाही. पाण्यावर पंखा लावून कोरड्या गावात चांगला उतार मिळतो, गोव्याच्या दमट मे महिन्यात एखाद-दुसरा अंश मिळाला तरी पुष्कळ. उरतात दोन मार्ग: पाणी थंड करणारा चिलर, जो या सेटच्या कितीतरी पट महाग पडतो, किंवा टाकी जमिनीलगत, उत्तरेच्या भिंतीशी ठेवून दुपारी गोठवलेल्या पाण्याची बंद बाटली तरंगत सोडणे. बाटली एका वेळी एकच. पाणी झटकन पाच अंश उतरवले तर तोही धक्काच. हे जमणार नसेल तर ड्वार्फची मागणी करा, त्याला 24 ते 27 अंश मानवतात आणि गोव्यात तो खूप सोपा जातो.

दाण्यांच्या डबीतले तरंगते दाणे बारीक आहेत. बुडणारे मोठे दाणे, गांडुळे, गोठवलेले ब्लडवर्म (लाल अळ्या) द्या. मोठ्याला आठवड्यातून तीनदा पुरे. चवथीला पाच-सात दिवस गावच्या घरी गेलात तरी धडधाकट मोठा बेडूक उपाशी मरत नाही, पण जाण्याआधी पाणी बदला. “गप्पीबरोबर राहतो” हे दुकानातले वाक्य गप्पी माशांच्या बाजूने खरे नाही, बेडूक त्यांना खाऊन टाकतो. टाकीत हात घातल्यावर साबणाने धुवा, लहान मुलांना तर सक्तीने. 2008 ते 2011 मध्ये अमेरिकेत पाळीव ड्वार्फ बेडकांमुळे साल्मोनेला या पोट बिघडवणाऱ्या जीवाणूची साथ पसरली होती, आजारी पडलेली बरीचशी मुलेच होती.

सेटच्या कागदावर नसलेली एक मजा: जोडी रात्री बोलते. नराला आवाजाची पिशवी नाही, तो घशातल्या कूर्चेच्या चकत्या फटकन सोडवून पाण्याखाली टकटक करतो. मादीही उत्तर देते, तयार असेल तर जलद, नसेल तर संथ. बेडकांत मादीने असे बोलणे दुर्मीळ. अंडी झाली तर लगेच वेगळी काढा, आईबाप खाऊन टाकतात.

याच अंड्यांमुळे ही जात जगभर पोचली. 1930च्या दशकात ब्रिटिश प्राणिशास्त्रज्ञ लॅन्सलॉट हॉग्बेन यांच्या केपटाउनमधल्या कामातून गर्भचाचणी निघाली: स्त्रीची लघवी मादीला टोचायची, गर्भ असेल तर दुसऱ्या दिवसापर्यंत ती अंडी घालते. बेडकाशिवायच्या चाचण्या येईपर्यंत हजारो बेडूक निर्यात झाले. सुटलेले आणि सोडलेले बेडूक आज कॅलिफोर्निया, चिली, फ्रान्स, सिसिलीत ठाण मांडून आहेत. त्यांच्या कातडीवर बेडकांना मारणारी कायट्रिड बुरशी असू शकते आणि त्यांना स्वतःला काही होत नाही. म्हादईच्या आणि आंबोलीच्या रानातल्या बेडकांसाठी हा धोका खेळण्यासारखा नाही. म्हणून नको झालेला बेडूक तळ्यात, शेतात, नाल्यात सोडायचा नाही. टाकीचे पाणीही तिथे नाही, ते संडासात ओता.

या दुकानाला गुण द्यायचा तर इथेच: नको झालेले बेडूक ते परत घेतात. विकत घेतानाच हे बिलावर लिहून घ्या.