आक-काल्पाक घेताना गोंडा वर करून बघा

किर्गिझस्तानच्या राजधानीत, बिश्केकमध्ये, कपडे शिवणाऱ्या कारखान्यांत माल तपासणं हा माझा धंदा. त्यामुळे कुठलीही वस्तू हातात आली की मी ती आधी उलटी करतो. इथल्या ओश बाजारात टोप्या बघतानाही तेच केलं. काही विक्रेत्यांनी तोंडं वाकडी केली, पण त्याला इलाज नाही.

आक-काल्पाक म्हणजे किर्गिझ पुरुषांची पांढऱ्या नमद्याची, म्हणजे लोकर दाबून केलेल्या जाड कापडाची, उंच टोपी. ती बनवण्याची कला 2019 मध्ये युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत गेली. 5 मार्चला तिचा खास दिवसही साजरा होतो. आणि तिच्याच नावावर बाजारात पॉलिएस्टर सर्रास खपतं! तीन-चारशे सोमला (सोम हे इथलं चलन) मिळणारी टोपी बहुधा पॉलिएस्टरचीच. रंग डोळ्यांत भरेल इतका पांढरा, जाडी सगळीकडे तंतोतंत सारखी. लोकरीचा नमदा सायीच्या रंगाचा असतो आणि बोटांखाली कुठे किंचित जाड, कुठे पातळ लागतो. लोकर गरम पाण्यात भिजवून, दाबून, लाटून तंतू एकमेकांत अडकवलेले असतात, तेव्हा एवढा फरक राहणारच. तरी शंका असेल तर आतल्या कडेचा एखादा तंतू ओढून, विक्रेत्याला विचारून, काडीने जाळा. केस जळल्याचा वास आला आणि राख चुरगळली तर लोकर; वितळून टणक मणी झाला तर पुढचा गाळा गाठा.

मी घेतली ती एका वयस्क बाईंकडून. सगळे त्यांना एजे, म्हणजे ताई, म्हणत होते, मीही म्हणालो. दोन हजार सांगितले, अठराशे सोमला दिली. टोपी चार कळ्यांची असते. या चार बाजू म्हणजे वायू, पाणी, अग्नी आणि पृथ्वी, असं मानतात. माझं लक्ष मात्र त्या कळ्या शेंड्यावर कशा भेटतात यावर. चारही जोड एका बिंदूत यायला हवेत, आणि तिथेच शिवणाऱ्याचा हात कळतो. स्वस्त मालात एक जोड हमखास बाजूला सरकलेला असतो आणि वरून गोंडा लावून तो झाकलेला असतो. म्हणून गोंडा वर करून बघायचाच. एजेंच्या टोपीचे चारही जोड बरोबर जुळले होते. मी गोंडा उचलला तेव्हा त्या हसल्या. त्यांना कळलं गिऱ्हाईक कुठलं आहे ते. तेवढ्यात शेजारच्या एका गिऱ्हाइकाने हातातली टोपी ढिगावर भिरकावली. एजेंनी काही न बोलता ती उचलली, झटकली आणि वरच्या फळीवर ठेवली. काल्पाक फेकत नाहीत, जमिनीवर टेकवत नाहीत.

आता वापराचं. जुलैच्या उन्हात ही टोपी बेस्ट. नमदा ऊन आत येऊ देत नाही आणि उंच शेंड्यामुळे टाळूवर हवा खेळती राहते. मला टक्कल आहे, तेव्हा हे मी अधिकाराने सांगतो. तक्रारी दोन. आतून अस्तर नाही, त्यामुळे कपाळाला लोकर टोचते. मी सुती पट्टी लावून घेतली. आणि काठाच्या काळ्या मखमलीवर धूळ अशी बसते की रोज ब्रश मारावा लागतो. पावसात भिजली तर जड होते आणि मेंढीचा वास सुटतो, पण तो खऱ्या लोकरीचा गुणच म्हणायचा.

हिवाळ्यात मात्र हिचा उपयोग नाही, कान उघडे पडतात. त्यासाठी तेबेतेय घ्यावी, मखमलीच्या माथ्याला भोवती फर लावलेली. मी एका गाळ्यावरून मेंढीच्या कातड्याची घेतली आणि फसलो. कातडं नीट कमावलेलं नव्हतं. खोलीतल्या उबेत दर्प सुटायचा, आणि महिन्याभरात कातडं कडक होऊन शिवणीपाशी तडकलं. कातड्याची आतली बाजू दुमडून बघावी, मऊ वाकली पाहिजे. काळ्या रंगाची असेल तर ओला पांढरा रुमाल घासावा, रंग उतरला तर तो पुढे कपाळावर येणार हे नक्की. तुर्कमेन लोकांची तेल्पेक, ती झुबकेदार लोकरीची, मी फक्त डोक्यावर ठेवून पाहिली. तुर्कमेन तिच्याखाली ताख्या नावाची छोटी टोपी घालतात आणि उन्हाळ्यातही वापरतात. त्यांच्या मानेला सलाम, माझी दहा मिनिटांत अवघडली.

काल्पाक मशीनमध्ये अजिबात टाकू नका, आटून लहान मुलाची होईल. डाग पडला तर गार पाण्याचा बोळा, मग सावलीत वाळवणं. चारही कळ्या आत दुमडल्या की ती सपाट होते आणि बॅगेत बसते. माप घेताना किंचित घट्टच घ्या. वापरून नमदा थोडा सैलावतो, आणि सैल टोपी वाऱ्यात पहिली उडते.