आठवड्याचा एक मोकळा तास, की रोजच्या तासातली पाच मिनिटं?

मुंबईतल्या शाळेत शिकवताय आणि मुलांना घाई न करता विचार करायला, बोलायला जागा द्यायचीय, तर सरळ दोन मार्ग आहेत. एकतर टाइमटेबलमध्ये आठवड्याला एक मोकळा तास मागून घ्या, नाहीतर रोजच्या तासातली पाच मिनिटं त्यासाठी मोकळी सोडा.

मोकळ्या तासाची मजा वेगळीच, एखादा विषय शेवटपर्यंत नेता येतो, चित्रं काढता येतात, नेहरू सायन्स सेंटरला जाऊन आल्यावर मुलांना पोटभर वाद घालता येतो. आणि वेळच नसतो असंही नाही, आरटीई म्हणजे शिक्षण हक्क कायद्याप्रमाणे सहावी ते आठवीला वर्षाला १००० तास शिकवायचं असतं, त्यातले फार तर चाळीस जातील. पण दोन शिफ्टच्या शाळेत चाचणी जवळ आली, पावसाने दोन सुट्ट्या पडल्या, पोर्शन राहिला की पहिली गदा त्याच तासावर येते, दुसऱ्या विषयाचे सर येऊन तो मागून नेतात आणि आपल्याला नाही म्हणवत नाही.

रोजची पाच मिनिटं कोणी मागायला येत नाही, म्हणून माझं मत तिकडेच. मेरी बड रो नावाच्या अमेरिकन संशोधक बाईंनी १९७० च्या दशकात वर्गांची रेकॉर्डिंग्ज तपासली, तर प्रश्न विचारून शिक्षक उत्तरासाठी जेमतेम १ सेकंद थांबत होते, आणि ते ३ सेकंद थांबायला लागले तेव्हा मुलांची उत्तरं लांबली, एरवी गप्प बसणारी मुलंही बोलायला लागली. मी सातवीला विचारलं, दादरच्या हिंदमाताला पावसात पाणी का तुंबतं? आधी तीच पाठ उत्तरं, कचरा, प्लास्टिक, गटारं. मी फळ्याकडे वळलेच नाही, नुसती उभी राहिले, बराच वेळ कोणी काही बोलेना, मग मागच्या बाकावरची मुलगी म्हणाली, "बाई, गटाराचं पाणी समुद्रात जातं ना, मग भरतीला समुद्रच वर आला तर ते जाणार कुठे?" त्या दिवशीचा धडा तिथूनच सुरू झाला, साडेचार मीटरच्या वरची भरती आणि त्यात मुसळधार पाऊस म्हणजे काय हे मला वेगळं सांगावंच लागलं नाही.

वर्ग तीसच्या आतला असेल आणि मुख्याध्यापक पाठीशी असतील तर मोकळा तास जरूर मागा, दोन्ही करा. साठ मुलांच्या वर्गात मात्र पाच मिनिटंच, आणि ती तासाच्या सुरुवातीला ठेवा, कारण सकाळच्या शिफ्टच्या शेवटच्या तासाला दुपारची मुलं व्हरांड्यात जमायला लागली की कोणाचंच लक्ष वर्गात नसतं.