रिमांड झालेल्या जमिनीच्या दाव्यासाठी ‘ई-कोर्ट्स सर्व्हिसेस’ ॲप: तारखेला पक्कं, आदेश मात्र स्वतःच वाचा

पाचपैकी साडेतीन तारे. ॲप फुकट आहे, मराठीत चालतं, आणि जिल्हा न्यायालयं व उच्च न्यायालय दोन्हीकडची प्रकरणं एकाच ठिकाणी दिसतात. साध्या चालू दाव्यासाठी साडेचार दिले असते. इथे मात्र प्रश्न रिमांड झालेल्या, म्हणजे अपिलातून फेरचौकशीसाठी खालच्या कोर्टात परत आलेल्या दाव्यापुरता आहे, आणि तिथे ॲपची मर्यादा लगेच उघडी पडते.

आधी जुळणी. अशा प्रकरणाला दोन सीएनआर नंबर (प्रकरणाचे ओळख क्रमांक) असतात, मूळ दाव्याचा एक आणि अपिलाचा एक. प्रत्येक नंबर १६ अक्षरांकी, महाराष्ट्रातल्या जिल्हा न्यायालयांत सुरुवात ‘एमएच’ने. दोन्ही जतन करा. रिमांडनंतर दावा जुन्याच नंबरावर पुन्हा दाखल करून घ्यायचा असतो, त्यामुळे पुढच्या तारखा मूळ दाव्याच्या सीएनआरवर बघायच्या. बरेच पक्षकार अपिलाचाच नंबर उघडतात, ‘निकाली’ वाचतात आणि निर्धास्त होतात. मूळ नंबर हाताशी नसेल तर अपिलाच्या तपशिलात खालच्या न्यायालयाची माहिती पाहा. दाव्याचा क्रमांक आणि वर्ष तिथे मिळू शकतं. नावावरून शोधताना स्पेलिंग दोन-तीन तऱ्हांनी टाकून बघा आणि ‘प्रलंबित’, ‘निकाली’ दोन्हीकडे शोधा.

आता खरी अडचण. निकालाच्या रकान्यातल्या एक-दोन शब्दांवरून रिमांड कोणत्या नियमाखाली झाला ते कळत नाही, आणि सगळं त्यावरच अवलंबून असतं. म्हणून आदेशाची पीडीएफ उघडायची आणि थेट शेवटचा परिच्छेद गाठायचा.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ मध्ये तीन वाटा आहेत. खालच्या कोर्टाने दावा एकाच प्राथमिक मुद्द्यावर, समजा फक्त मुदतीच्या मुद्द्यावर, काढून टाकला असेल आणि अपिलात तो निष्कर्ष उलटला, तर नियम २३. सगळ्या मुद्द्यांवर निकाल झाला होता, तो रद्द ठरला आणि फेरचौकशी गरजेचीच वाटली, तर नियम २३-अ. हा १९७६ च्या दुरुस्तीने आला. तिसरी वाट नियम २५ ची. एखादा मुद्दा काढायचा किंवा तपासायचा राहून गेला असेल, तर तेवढाच मुद्दा खाली पाठवून पुरावा आणि निष्कर्ष मागवायचे. यात हुकूमनामा (खालच्या कोर्टाच्या निकालाचा औपचारिक आदेश) रद्द होत नाही, अपील वरच जिवंत राहतं आणि त्याचा सीएनआरही ‘प्रलंबित’च दिसतो. निष्कर्ष वर आले की ठरवून दिलेल्या मुदतीत हरकती द्यायच्या. ही मुदत चुकवणारे कमी नाहीत.

आणि पुरावा पुरेसा असेल तर नियम २४ सांगतो की वरच्या कोर्टाने स्वतःच अंतिम निकाल द्यावा. बांधाच्या अतिक्रमणाचा दावा घ्या. मोजणी सदोष म्हणून अख्खा दावा खाली पाठवायचं बहुतेक वेळा कारण नसतं. कोर्ट कमिशनर नेमून मोजणी मागवता येते, नाहीतर तेवढाच मुद्दा नियम २५ खाली पाठवता येतो. वाटपाच्या दाव्यात बहिणीला पक्षकारच केलं नसेल तर गोष्ट वेगळी. आवश्यक पक्षकार नसणं ही कलम ९९ खाली पोटात घालण्यासारखी किरकोळ चूक नव्हे. तिला बाजू मांडायची संधी द्यायलाच हवी, आणि तिथे फेरचौकशी रास्त ठरते. निव्वळ ‘निकालपत्र त्रोटक आहे’ एवढ्यावर केलेला रिमांड मात्र कच्चा. सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये मृत्युपत्राच्या एका वादात हे नियम एकत्र वाचून दाखवले. निकाल उलटवण्याचं कारण न देता नुसता रिमांड करता येत नाही, हे त्यातून नीट समजतं.

मुदतीकडे या. नियम २३ किंवा २३-अ खालच्या रिमांडवर आदेश ४३ नियम १(यू) प्रमाणे अपील होतं, मात्र ज्या प्रकरणात त्या अपिली कोर्टाच्या हुकूमनाम्यावर पुढे अपील चाललं असतं, त्यातच. जिल्हा न्यायालयाचा आदेश असेल तर उच्च न्यायालयात ९० दिवस. आदेशाची प्रमाणित नक्कल मिळायला लागलेला वेळ वगळून. हे अपील केलं नाही, तर कलम १०५(२) मुळे रिमांड चुकीचा होता असं पुढे म्हणता येत नाही. ॲप याची आठवण देत नाही, देणारही नाही. शिवाय त्यातली पीडीएफ ही प्रमाणित नक्कल नव्हे. नकलेचा अर्ज त्याच आठवड्यात टाका.

पीडीएफमध्ये अजून चार गोष्टी शोधायच्या. खालच्या कोर्टात हजर राहायची तारीख: नियम २६-अ प्रमाणे ती आदेशातच असायला हवी. नव्या समन्सची वाट बघत घरी बसलेल्या वादीचा दावा गैरहजेरीत निघून जाऊ शकतो. कोणते मुद्दे खुले आहेत. जुना पुरावा कायम आहे का: नियम २३ प्रमाणे तो, योग्य अपवाद सोडून, कायमच असतो, म्हणून सगळे साक्षीदार पुन्हा उभे करायची घाई नको. शेवटची गोष्ट म्हणजे अंतरिम मनाई, म्हणजे दावा चालू असेपर्यंतचा मनाई हुकूम. ती चालू की बंद हे स्पष्ट नसेल तर पहिल्याच तारखेला अर्ज द्या. नांगर फिरल्यावर धावपळ करून उपयोग नसतो.

अर्धा तारा आणखी एका कारणासाठी कापला. जतन केलेली यादी फोनमध्येच राहते. फोन बदलायच्या आधी ती एक्स्पोर्ट करून ठेवा, आणि दोन्ही सीएनआर दाव्याच्या फाइलच्या पुठ्ठ्यावर पेनाने लिहून ठेवा.