मुलांसोबत गोष्टी रचायला कायनेटिक सँड (खेळायची वाळू): घ्यावी का?

घ्या, पण एक किलोच्या खाली नको. अर्धा किलोत मूठभर डोंगर होतो, गुहा होत नाही, आणि गोष्ट गुहेतच सुरू होते. या वाळूत साधारण ९८ टक्के बारीक वाळू आणि २ टक्के सिलिकॉन तेल असतं. त्यामुळे ती दाबली की आकार धरते, सोडली की हळूहळू ओघळते. हे ओघळणंच फार मोलाचं. वाघाच्या गुहेचं छत सावकाश खचायला लागतं आणि मूल आपणहून म्हणतं, "पळा पळा, डोंगर पडला!" मातीच्या गोळ्यात हे घडत नाही.

सोबत येणारे साचे बाजूला ठेवा. साचे मिळाले की मुलं नुसते केक पाडत बसतात. त्याऐवजी उभ्या कडांच्या परातीत वाळू पसरा आणि त्यात तीनच वस्तू पुरून ठेवा: एखादा प्राणी, एक शिंपला, एक किल्ली. वस्तू सापडली की "हे काय आहे?" विचारू नका, उत्तर एका शब्दात संपतं. "हे इथे कोणी लपवलं असेल?" असं विचारा आणि मग गप्प बसा. मुलाला जुळवाजुळव करायला वेळ लागतो.

पाणी लागलं की वाळू चिकट होते. पसरून पंख्याखाली वाळवा. सतरंजीवर खेळू देऊ नका, धागे-केस अडकतात. तीन वर्षांखालच्या, तोंडात घालणाऱ्या मुलांना ही नकोच. त्यांच्यासाठी परातभर भाजलेला रवा उत्तम, फक्त मुंग्या सांभाळा.